सूसा नगरीची मुकी लिपि

आपल्यापैकीं पुष्कळांच्या घरीं पणजोबांच्या वेळचें एखादें दप्तर माळ्यावर पडलेलें असेल. दसऱ्याच्या झाडलोटींत तें खालीं येतें, आपण त्यांतला एखादा मोडी कागद उजेडाकडे धरून पाहतों आणि पुन्हां घडी करून ठेवून देतों. कागदावरची भाषा आपलीच असते. आजोबांनीं आजीला हांक मारतांना जे शब्द वापरले तेच शब्द त्यांत असतात. पण अक्षर लागत नाहीं, म्हणून सारा मजकूर मुका राहतो. कोणी मोडी जाणणारा वृद्ध गृहस्थ भेटला, तर तोच कागद घटकेंत बोलूं लागतो आणि कोणाचें देणें किती होतें व बांधावरून तंटा कोणाशीं होता, तें सारें बाहेर पडतें. याच्या अगदीं उलट प्रकार इटलींतील प्राचीन एट्रुस्कन लोकांच्या लेखांचा. त्यांचीं अक्षरें ग्रीक वळणाचीं, तीं आपण खुशाल वाचावीं. परंतु वाचलेल्या शब्दांचा अर्थ पुष्कळ ठिकाणीं लागत नाहीं. एके ठिकाणीं लिपि अडते, दुसऱ्या ठिकाणीं भाषा. आज ज्या लिपीविषयीं मी बोलणार आहें ती पहिल्या प्रकारांत मोडते. भेद इतकाच, कीं ती वाचूं शकणारा शेवटचा लेखक मरून सुमारें एकोणचाळीस शतकें लोटलीं आहेत.

ही लिपि एलाम देशाची. तैग्रिस नदीच्या पूर्वेस इराणचा जो सखल प्रदेश आज खूझिस्तान म्हणून ओळखला जातो, तो आणि त्याच्या पाठीमागचे झाग्रोस पर्वतांतील उंच मुलूख मिळून हा देश होत असे. मैदानांत सूसा आणि डोंगरी भागांत, आजच्या फार्स प्रांतांत, अनशान अशीं त्याचीं दोन मोठीं नगरें. ‘एलाम’ हें नांवही त्या लोकांचें स्वतःचें नव्हे. तें शेजाऱ्यांनीं दिलेलें. ते स्वतः आपल्या देशास ‘हतम्ति’ म्हणत. नांवाची जी गत तीच इतिहासाची. सुमेर, अक्कड, बाबिलोन, असुरिया या शेजाऱ्यांनीं एलामविषयीं पुष्कळ लिहून ठेवलें, आणि त्यांतलें बहुतेक रणांगणाच्या संबंधांत. असुरियाचा राजा अशुरबानिपाल यानें इ. स. पूर्वीं ६४६ च्या सुमारास सूसा लुटली, तिचीं देवळें पाडलीं, राजांचीं थडगीं उकरलीं, आणि हें सर्व मोठ्या फुशारकीनें कोरून ठेवलें. मराठ्यांचा इतिहास केवळ मोगल दरबारच्या अखबारांवरून लिहावा लागला असता तर तो कसा झाला असता, याची कल्पना आपणांस सहज करतां येईल. एलामचा सर्वांत जुना इतिहास पुष्कळ काळ तसाच लिहिला जात होता.

एलामी भाषा मात्र आपणांस अगदींच अपरिचित नव्हती, आणि ती प्रकाशांत येण्याच्या हकीगतीचा एक धागा मुंबईशीं जुळलेला आहे. इ. स. १८२७ मध्यें सर जॉन माल्कम मुंबईचा गव्हर्नर होऊन विलायतेहून निघाला. हा तोच माल्कम, ज्याच्या छावणींत १८१८ सालीं दुसरा बाजीराव शरण आला. माल्कमनें इराणांत वकिली केली होती आणि इराणचा इतिहासही लिहिला होता. त्याच्याच जहाजावर कंपनी सरकारच्या फौजेंत भरती झालेला सतरा वर्षांचा एक पोरगा होता, त्याचें नांव हेन्री रॉलिन्सन. प्रवास कित्येक महिन्यांचा. त्यांत माल्कमसाहेबाच्या तोंडून ऐकलेल्या इराणच्या गोष्टींनीं या मुलाला असें वेड लावलें कीं, मुंबईच्या पलटणींत असतांनाच त्यानें फारशी भाषा आत्मसात केली. पुढें इराणांत नेमणूक झाल्यावर, १८३५ पासून, तो बेहिस्तूनच्या कड्यावर चढून दारयवहु राजाचा प्रचंड लेख उतरूं लागला. तो लेख तीन भाषांत आहे: प्राचीन फारसी, एलामी आणि बाबिलोनी. तिन्ही भाषा खिळ्याच्या आकाराच्या रेघांनीं, म्हणजे कीलाकार लिपींत, लिहिलेल्या. परंतु प्रत्येकीची अक्षरमाला निराळी. ग्रोटेफेंडनें १८०२ मध्यें आरंभिलेलें प्राचीन फारसीचें वाचन रॉलिन्सननें पुरें केलें, आणि फारसीच्या आधारानें दुसरा मजकूर, म्हणजे एलामी, हळूहळू उलगडला. त्याच्याच प्रतींवरून एडविन नॉरिस यानें तो १८५३ मध्यें छापला.

त्यानंतर एलामी भाषेचा अभ्यास वाढत गेला. दारयवहूच्या साम्राज्यांत हिशेबनीस लोक एलामीच लिहीत. १९३३ च्या सुमारास शिकागोच्या संशोधकांना पर्सेपोलिस येथें तटबंदींत हजारों मृत्तिकापत्रें सांपडलीं. मजुरांना किती सातू दिलें, कोणत्या अधिकाऱ्यास किती मद्य पोंचलें, असलीं तीं रोजकीर्दीचीं पानें आहेत आणि बहुतांशीं एलामी भाषेंत आहेत. त्याच्याही कित्येक शतकें पूर्वीं उन्तश-नपिरिश या राजानें चोगा झंबील येथें जें पायऱ्यापायऱ्यांचें भव्य देवालय उभारलें, त्याच्या विटांवर एलामी लेख आहेत. या सर्वांवरून भाषेचें व्याकरण बरेंचसें बसलें. पण ही भाषा कोणत्या कुळांतली, याचा छडा लागेना. ती सेमिटिक नाहीं, आर्यभाषाही नाहीं. कॉल्डवेल यानें १८५६ मध्यें द्राविडी भाषांचें तुलनात्मक व्याकरण लिहिलें, तेव्हां बेहिस्तूनच्या या दुसऱ्या भाषेशीं त्यानें तमिळ-तेलुगूंचें साम्य जुळवून पाहिलें. विसाव्या शतकांत डेव्हिड मॅकअल्पिन यानें तेंच मत अधिक विस्तारानें मांडलें. आपल्याकडे या मताचें आकर्षण वाटणें स्वाभाविक आहे, परंतु बहुतेक भाषाशास्त्रज्ञांनीं तें मान्य केलेलें नाहीं. तूर्त एलामी ही निराधार, एकाकी भाषा म्हणूनच गणली जाते.

आतां लिपीकडे वळूं. सूसाच्या टेंकाडांवर फ्रेंच लोकांनीं १८८४ पासून उत्खनन चालविलें होतें. १८९७ मध्यें झाक द मॉर्गन तेथें गेला. त्या काळीं इराणच्या शहानें उत्खननाचा एकाधिकार फ्रान्सला दिला होता, आणि १९०० च्या करारानें तर सूसा येथें जें कांहीं निघेल तें सगळें पॅरिसला नेण्याची मोकळीक मिळाली. हम्मुराबीच्या कायद्याचा सुप्रसिद्ध काळा स्तंभ १९०१-०२ च्या हिवाळ्यांत येथेंच निघाला. तो मूळचा बाबिलोनियांतला, इ. स. पूर्वीं बाराव्या शतकांत शुत्रुक-नहुन्ते या एलामी राजानें इतर विजयचिन्हांबरोबर तो सूसा येथें ओढून आणला होता. एका विजेत्यानें लुटून आणलेली वस्तु तीन हजार वर्षांनीं दुसऱ्यानें करार दाखवून नेली. ती आज लूव्र संग्रहालयांत उभी आहे.

या कायद्याच्या स्तंभाचा इतका गाजावाजा झाला कीं, १९०३ पासून त्याच मातींतून निघूं लागलेल्या दुसऱ्या कांहीं दगडांकडे पंडितांखेरीज कोणाचें लक्ष गेलें नाहीं. त्यांवर दोन प्रकारचें लेखन होतें. एक अक्कडी भाषेंतलें, नेहमींच्या कीलाकार लिपींत. दुसरें अगदीं अपरिचित: सरळ रेघा, चौकटी, शंकरपाळ्यासारखे चौकोन, अर्धवर्तुळें, ठिपके. खिळ्याच्या आकाराचा मागमूस नाहीं. निवळ रेघांनीं रेखलेलीं चिन्हें. म्हणून या लिपीस ‘रेखीय एलामी’ असें नांव मिळालें. तिचे लेख बहुतेक एकाच राजाचे निघाले. त्याचें नांव पुझुर-शूशिनक, म्हणजे शूशिनक देवाच्या आश्रयाचा. शूशिनक हा सूसा नगरीचा ग्रामदेव. हा राजा इ. स. पूर्वीं २१०० च्या सुमारास झाला. अक्कडच्या साम्राज्याचा मोड झाल्यानंतर त्यानें सूसा स्वतंत्र केली, मेसोपोटेमियांतील कांहीं नगरेंही जिंकलीं, आणि अखेरीस ऊरच्या ऊर-नम्मू राजाकडून त्याचा पराभव झाला. अक्कडी ही जेत्यांची भाषा सूसांत रुळलेली असतांही या राजानें आपल्या दानलेखांवर देशी लिपि मुद्दाम कोरविली, ही गोष्ट लक्षांत ठेवण्यासारखी आहे. स्वराज्य मिळविल्यावर राजव्यवहारकोश करवून घेणाऱ्या आपल्या राजाची आठवण येथें मला होते. मात्र पुझुर-शूशिनकाच्या मनांतला हेतु आपणांस कोणी सांगितलेला नाहीं, हेंही मी विसरत नाहीं.

त्याच्या लेखांपैकीं एका दगडावर सिंहाचें मुख कोरलेलें आहे आणि दोन्ही लिपी त्या एकाच दगडावर आहेत. इजिप्तच्या रोझेटा शिलेनें १८२२ मध्यें शांपोलियोंला जी किल्ली दिली, तीच येथें मिळाली, असें पंडितांस वाटलें तर नवल नाहीं. विसाव्या शतकाच्या आरंभींच फेर्डिनांड बोर्क आणि कार्ल फ्रांक या दोघां जर्मन विद्वानांनीं अक्कडी मजकुरांतील नांवें अपरिचित चिन्हांत शोधण्यास प्रारंभ केला. देवाचें नांव सांपडलें, राजाचें सांपडलें, त्याच्या पित्याचें सांपडलें. त्यांतून दहाएक चिन्हांचे उच्चार हातीं आले. आणि तेथेंच गाडें रुतलें, तें जवळजवळ शंभर वर्षें.

असें कां व्हावें? पहिलें कारण असें, कीं सिंहाच्या दगडावरील दोन्ही मजकूर एकमेकांचीं शब्दशः भाषांतरें नाहींत. राजानें अक्कडी वाचकांस एक सांगितलें आणि आपल्या लोकांस दुसरें. सामायिक काय तें नांवांपुरतेंच. दुसरें कारण लेखांचें दुर्भिक्ष. साऱ्या जगांत मिळून रेखीय एलामीचे लेख सुमारें चाळीस, त्यांतले कित्येक चारदोन चिन्हांचे, आणि सूसाचे जे मोठे ते एकाच राजाचे. म्हणजे तींच नांवें पुन्हां पुन्हां. जेम्स प्रिन्सेपला १८३७ मध्यें ब्राह्मी लिपि उलगडली, ती सांचीच्या कठड्यांवर कितीतरी निरनिराळ्या दात्यांचे लहान लहान लेख ‘दानं’ या एकाच शब्दानें संपतात हें त्याच्या ध्यानांत आलें म्हणून. तसली विपुलता येथें नव्हती. तिसरें कारण विद्वानांच्या समजुतींत होतें. शेजारची कीलाकार लिपि मिश्र आहे. तिच्यांत कांहीं चिन्हें उच्चाराचीं तर कांहीं सबंध शब्दाचीं. म्हणून रेखीय एलामीही तशीच असणार, असें सर्वांनीं धरून चाललें. १९६० नंतर वाल्टर हिंत्स यानें आणि पुढें पिएरो मेरिज्जी यानें मोठ्या चिकाटीनें सबंध लेखांचे अर्थ लावून पाहिले; पण एखादें चिन्ह जुळेना कीं तें शब्दचिन्ह मानावयाचें, ही पळवाट उघडी राहिल्यामुळें कोणाचेंही वाचन दुसऱ्यास पटेना.

ही कोंडी सूसाच्या मातींतून फुटली नाहीं. ती फुटली चांदीच्या पेल्यांवरून, आणि तेही लंडनमधील एका खाजगी संग्रहांतल्या. फ्रांस्वा देसे हा फ्रेंच पुराणवस्तुशास्त्रज्ञ इराणांत उत्खनन केलेला, तेहरानच्या विद्यापीठांत शिकविलेला. त्याला २०१५ मध्यें हे पेले अभ्यासण्याची परवानगी मिळाली. त्यांच्या कडेभोंवतीं रेखीय एलामी अक्षरांच्या ओळी कोरलेल्या होत्या. अशा पेल्यांवरचे नऊ लेख २०१८ मध्यें प्रसिद्ध झाले. एकाएकीं लेखसंग्रहांत लांबलचक, न झिजलेल्या आणि सूसाच्या राजाशीं संबंध नसलेल्या मजकुरांची भर पडली. याच घडणीच्या दुसऱ्या कांहीं चांदीच्या भांड्यांवर मात्र कीलाकार लिपींत लेख आहेत, आणि ते वाचतां येतात. त्यांत एबरत आणि शिल्हाहा अशीं राजांचीं नांवें येतात. नपिरिश या देवाचेंही येतें. नपिरिश म्हणजे एलामी भाषेंत ‘महान् देव’.

देसेचा तर्क साधा होता. भांड्यांची घडण तीच, काळ तोच, तर मजकूरही त्याच साच्याचा असणार. मग तींच नांवें यांवरही असलीं पाहिजेत. आतां ‘शिल्हाहा’ हें नांव क्षणभर तोंडांत घोळवून पाहा. शि-ल्-हा-हा: शेवटचीं दोन अक्षरें सारखीं. म्हणजे लेखांत असा चिन्हसमूह शोधावयाचा, कीं ज्याच्या शेवटीं एकच चिन्ह पाठोपाठ दोनदां आलें आहे. तसा समूह सांपडला. २०१७ मध्यें मिळालेल्या त्या एका नांवावरून पुढची उकल सुरू झाली. शिल्हाहा हा इ. स. पूर्वीं विसाव्या शतकाच्या आसपास होऊन गेलेला राजा. त्याची कीर्ति एवढी कीं, पुढचे कित्येक राजे स्वतःला अभिमानानें शिल्हाहाच्या ‘बहिणीचा पुत्र’ म्हणवीत. एखाद्या राजाला आईबापांनीं ठेवलेलें नांव चार हजार वर्षांनीं अक्षरओळखीस उपयोगीं पडावें, हा योग विलक्षण खरा. त्याचें नांव दुसरें कांहीं असतें तर? पण इतिहासांत असल्या प्रश्नांना उत्तर नसतें.

एका नांवानें लिपि उलगडत नाहीं. परंतु नांव जुळलें कीं त्यांतलें प्रत्येक चिन्ह दुसऱ्या ठिकाणीं साक्ष देऊं लागतें. नपिरिशांतला ‘न’ आणि शूशिनकांतला ‘न’ हे एकच ठरले पाहिजेत. एबरतांतला ‘र’ जेथें जेथें येईल तेथें तेथें एलामी शब्द सिद्ध झाला पाहिजे. शब्दकोडें सोडवितांना उभ्या ओळींतील अक्षर आडव्या ओळींतही बसावें लागतें, त्यांतलाच हा प्रकार. चूक झाली असेल तर ती लवकरच उघडी पडते. देसे आणि त्याचे सहकारी, म्हणजे कांबीझ ताबीबझादे, मात्यू केर्व्रां, जान पिएत्रो बाझेलो आणि जान्नी मार्केझी, यांनीं हें काम चिन्हामागून चिन्ह असें चालविलें. २०२० च्या अखेरीस देसेनें आपला निष्कर्ष जाहीर केला आणि २०२२ मध्यें असुरविद्येच्या एका जुन्या जर्मन नियतकालिकांत सर्वांचा मिळून सविस्तर निबंध प्रसिद्ध झाला. त्यांच्या मतें लेखांत येणाऱ्या चिन्हांपैकीं शेंकडा ९६ हून अधिक आतां वाचतां येतात.

आणि लिपीचें जें स्वरूप बाहेर पडलें तें आपणां मराठी माणसांस तर फारच ओळखीचें वाटेल. शब्दचिन्हें मुळींच नाहींत. कांहीं चिन्हें शुद्ध स्वरांचीं, कांहीं शुद्ध व्यंजनांचीं, आणि बाकीचीं सर्व स्वरयुक्त व्यंजनांचीं; एकूण सुमारें पाऊणशें. सारांश, ही एक बाराखडीच. भेद असा कीं, आपल्या बाराखडींत ‘का’, ‘की’, ‘कु’ हीं एकाच ‘क’ चीं रूपें असल्याचें डोळ्यांना दिसतें. एलामी लिपींत तीं आकारानें एकमेकांशीं संबंध नसलेलीं स्वतंत्र चिन्हें आहेत. तेथल्या लेखनशाळेंतील मुलांना आपल्या मुलांपेक्षां धुळाक्षरें अधिक गिरवावीं लागलीं असतील यांत शंका नाहीं.

सुट्या व्यंजनांना स्वतंत्र चिन्हें असणें ही गोष्ट क्षुल्लक वाटेल, पण एलामी व्याकरणाच्या दृष्टीनें तिला मोठें मोल आहे. या भाषेंत राजाला ‘सुंकि’ म्हणतात. बोलणारा स्वतःच राजा असेल तर ‘सुंकिक्’, समोरच्याला उद्देशून म्हणावयाचें तर ‘सुंकित्’, तिसऱ्या कोणाविषयीं बोलावयाचें तर ‘सुंकिर्’, आणि अनेक राजे असतील तर ‘सुंकिप्’. मी, तूं, तो आणि ते हा सारा भेद एका हलन्त व्यंजनावर लटकलेला. कीलाकार लिपींत सुटें व्यंजन लिहिण्याची सोय नाहीं. ‘इक्’ किंवा ‘कि’ असें कांहींतरी लिहून वेळ मारून न्यावी लागते. देशी लिपींत ती अडचण नव्हती. परभाषेसाठीं घडलेली लिपि अंगावर घेतली कीं ती काखेंत दाटते, हा अनुभव कोणत्याही शिंप्यास विचारावा.

असें असूनही ही लिपि मेली. पुझुर-शूशिनकानंतर ऊरच्या राजांचा अंमल सूसावर बसला. डोंगरी मुलुखांत ती आणखी दोन शतकें चालली, आणि इ. स. पूर्वीं १८८० च्या सुमारास तिचा मागमूस संपतो. व्यापार, तह, पत्रव्यवहार सगळा पश्चिमेकडच्या मोठ्या राज्यांशीं. त्यांची लिपि कीलाकार. जी लिपि लिहून पोट भरतें, ती टिकते. मोडीचें काय झालें हें पाहिलेल्या आपणांस यावर अधिक सांगावयास नको.

येथवर ऐकून कोणास वाटेल कीं आतां वाद मिटला. तसें नाहीं. ऑक्सफर्डचे याकोब डाल यांच्यासारख्या जाणत्या विद्वानांस हें वाचन पूर्णपणें पटलेलें नाहीं. हातांतली सामग्री थोडी, त्यामुळें जुळणी बरोबर दिसूनही फसवी असूं शकते, ही शंका निराधार म्हणतां येणार नाहीं. त्या काळांत ज्या लिपीखेरीज दुसरी निव्वळ उच्चारी लिपि कोठें आढळत नाहीं, ती इतकी शुद्ध उच्चारी कशी, हाही प्रश्न उरतोच. माझें स्वतःचें मत विचाराल तर नांवांची जुळणी आणि मागाहून निघालेलें व्याकरण हीं दोन्हीं एकत्र पाहिल्यावर पाया भक्कम वाटतो. वरच्या मजल्यांतील कांहीं खोल्या मात्र पुन्हां बांधाव्या लागतील. प्रत्येक शब्दाचा अर्थ लागला आहे असें स्वतः देसेही म्हणत नाहीं. उच्चार करतां येतो, पण अर्थ अडतो, असे शब्द त्या पेल्यांवर आहेतच. तेवढ्यापुरती आपली स्थिति एट्रुस्कनसारखी.

मला त्याहून अधिक बोचते ती दुसरीच गोष्ट. ज्या पेल्यांनीं हा उलगडा केला ते कोणत्याही शास्त्रीय उत्खननांत मिळालेले नाहींत. ते कोणत्या थडग्यांत होते, शेजारीं कोणाची हाडें होतीं, कोणत्या थरांत कोणतें खापर होतें, यांतलें कांहींही नोंदलेलें नाहीं. अशा वस्तूंच्या बाजारांत बनावट मालही पुष्कळ असतो, म्हणून कांहीं विद्वान् बेवारशी वस्तूंवरील लेखांस हातच लावूं नये असें म्हणतात. त्यांचें म्हणणें खोटें नाहीं: विद्वानानें लेख छापला कीं वस्तूची किंमत वाढते, आणि किंमत वाढली कीं फार्सच्या डोंगरांत रात्रींच्या कुदळी अधिक जोरानें चालतात. उलट पक्षीं, हे पेले संग्रहांत कोणीं न पाहतां राहिले असते तर शिल्हाहाचें नांव आजही कोणास वाचतां आलें नसतें. या दोहोंचा मेळ कसा घालावा, हें मला उमगलेलें नाहीं. १९०० च्या कराराखालीं सूसाहून गेलेल्या पेट्या कायदेशीर होत्या, एवढेंच काय तें त्यांच्या बाजूनें.

दुसरा वाद याहूनही जुन्या काळाचा आहे. रेखीय एलामीच्या आठशें वर्षें आधीं, इ. स. पूर्वीं ३००० च्या सुमारास, इराणांत आणखी एक लेखनपद्धति होती. तिला ‘आद्य एलामी’ म्हणतात. तिचीं सोळाशेंहून अधिक मृत्तिकापत्रें सांपडलीं आहेत. बहुतेक सूसाचीं, पण कांहीं थेट कर्मान प्रांतांतल्या तेपे याह्या येथलीं, आणि एक तर अफगाणिस्तानच्या सीमेजवळच्या शहर-ए-सोख्ता येथलें. त्यांतले आंकडे लागतात. मेंढरें, धान्य, मजूर यांचे ते हिशेब आहेत. शब्द मात्र लागत नाहींत. देसेचें म्हणणें असें कीं, रेखीय लिपि ही याच लेखनाची वंशज होय, आणि म्हणून इराणी पठारावरील लेखनकला मेसोपोटेमियाची शिष्या नसून तिची समकालीन बहीण आहे. हें सिद्ध झालें तर लेखनाच्या उत्पत्तीचा इतिहास नव्यानें मांडावा लागेल. पण दोहोंमध्यें कित्येक शतकांचें अंतर आहे आणि त्या अंतरांतला एकही दुवा हातीं नाहीं. डाल यांचा मुख्य आक्षेप येथें आहे, आणि या बाबतींत मी त्यांच्या बाजूस झुकतों. आजोबा आणि नातू यांचीं नाकें सारखीं दिसलीं तरी मधला बाप कोण, हें कोणीतरी दाखविलें पाहिजे.

सूसा येथें सिंधुसंस्कृतीच्या मुद्राही निघाल्या आहेत. आपल्या मोहेंजोदडोचा व्यापारी ज्या काळीं त्या बाजारांत उतरत असेल, त्या काळीं समोरच्या दुकानदाराची वही कोणत्या लिपींत होती, तें आतां कळूं लागलें आहे. आपल्या व्यापाऱ्याची मुद्रा मात्र अद्याप गप्प आहे. तिला द्विभाषी दगड मिळालेला नाहीं, आणि भाषा कोणती होती तेंही ठाऊक नाहीं. त्यामुळें एलामी लिपीच्या यशावरून सिंधुलिपीविषयीं आशा बांधणें उतावीळपणाचें होईल.

वाचनांतून हातीं काय आलें, हें सांगून हें भाषण संपवितों. तेहरानच्या संग्रहालयांत चांदीचें एक उंच पात्र आहे. तें १९६६ मध्यें पर्सेपोलिसजवळच्या मर्वदश्त भागांत मिळालें. त्यावर लांब झग्यांतल्या स्त्रियांच्या आकृति कोरलेल्या आहेत आणि कांठाजवळ रेखीय एलामीची एक ओळ आहे. पन्नास वर्षें ही ओळ म्हणजे केवळ नक्षी होती. देसेच्या वाचनाप्रमाणें तींत कोणी एक पुरुष बोलतो. मराप्श नांवाच्या गांवची जी स्वामिनी, शुमर-असु, तिच्यासाठीं आपण हें चांदीचें पात्र करविलें. आणि जें देवालय पुढें आपल्या नांवानें ख्यात होईल तेथें तें तिला सद्भावानें अर्पण केलें, असें तो सांगतो. त्याचें देवालय कोठें होतें याचा पत्ता नाहीं. मराप्शही नकाशावर सांपडलेलें नाहीं. त्याच मुलुखांतल्या अनशान नगरीच्या टेंकाडावर अमेरिकन संशोधकांनीं १९७१ ते १९७८ पर्यंत उत्खनन केलें, तें सबंध नगराच्या मानानें अगदीं लहानशा कोंपऱ्यांत. बाकीच्या बहुतेक टेंकाडाला अद्याप कुदळ लागावयाची आहे.